सातबारा मालकाच्या नावावर, मग जमीन सरकारची कशी? ‘खाजगी वन’ म्हणजे काय?

पिढ्यानपिढ्या घरात असलेल्या जमिनीचा सातबारा काढावा आणि ‘इतर हक्क’ रकान्यात ‘खाजगी वन’ अशी नोंद दिसावी, हा अनुभव मुंबई, ठाणे, रायगड, पुणे या जिल्ह्यांतल्या अनेक जमीनमालकांना आला आहे. अशा नोंदीमुळे जमिनीची विक्री, बिगरशेती परवानगी आणि बांधकाम सगळेच अडते. तिचे मूळ मात्र बऱ्याचदा सत्तर वर्षांपूर्वीच्या एका नोटिशीत असते.

1927 चा कायदा

भारतीय वन अधिनियम, 1927 च्या कलम 35 नुसार सरकार खाजगी जंगलावर निर्बंध घालू शकते. जमिनीची धूप, पूर, दरडी थांबवण्यासाठी किंवा पाण्याचे स्रोत टिकवण्यासाठी तिथली नांगरट, चराई, झाडेझुडपे साफ करणे रोखता येते. मात्र त्याआधी कलम 35(3) खाली मालकाला नोटीस देऊन त्याचे म्हणणे ऐकावे लागते. त्यानंतरच अंतिम अधिसूचना काढता येते. यात मालकी जात नाही, फक्त वापरावर बंधन येते.

30 ऑगस्ट 1975 ला काय झाले?

या दिवशी महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम, 1975 लागू झाला आणि राज्यातील खाजगी वने थेट सरकारच्या मालकीची झाली. त्यासाठी वेगळा आदेश काढण्याची गरज उरली नाही. ‘खाजगी वना’च्या व्याख्येत कलम 35(3) खाली नोटीस ‘काढलेली’ जमीनही धरली गेली.

कायद्याने काही सवलती ठेवल्या. त्या दिवशी कायदेशीर लागवडीखाली असलेली, कमाल धारणेच्या मर्यादेतील जमीन वगळली गेली. पुढे 1978 च्या दुरुस्तीने आणखी एक तरतूद आली. संपादनामुळे मालकाची एकूण जमीन 12 हेक्टरांपेक्षा कमी उरली असेल, तर अर्ज केल्यावर त्या मर्यादेपर्यंत जमीन परत मिळू शकत होती.

विक्रोळीचा खटला

गोदरेज अँड बॉइस कंपनीच्या विक्रोळीतील जमिनीबाबत 1950 च्या दशकात अशी नोटीस राजपत्रात आली होती. पुढे अंतिम अधिसूचना निघाली नाही. उलट त्या परिसरात बांधकामांना परवानग्या मिळत गेल्या. 2006 मध्ये मात्र ही जमीन खाजगी वन असल्याचे सांगण्यात आले. मुलुंडसारख्या भागांत अशाच जमिनींवरच्या इमारतींत राहणारी कुटुंबेही अडचणीत आली.

मुंबई उच्च न्यायालयाने 2008 मध्ये सरकारच्या बाजूने निकाल दिला. सर्वोच्च न्यायालयाने 30 जानेवारी 2014 रोजी तो फिरवला. नोटीस ‘काढली’ म्हणजे ती केवळ छापली असे नाही, ती मालकापर्यंत पोहोचलीही पाहिजे. शिवाय 1975 मध्ये तिच्यावरची कार्यवाही खरोखर चालू असली पाहिजे. अनेक वर्षे धूळ खात पडलेल्या नोटिशीवरून जमीन घेता येणार नाही, असे न्यायालयाने म्हटले. 2025 मध्येही सर्वोच्च न्यायालयाने हीच कसोटी लावून महाराष्ट्रातील इतर जमीनमालकांची अपिले मान्य केली.

मग जमीन मोकळी होते का?

नेहमीच नाही. मालकी आणि वापर हे दोन वेगळे प्रश्न आहेत. 12 डिसेंबर 1996 च्या गोदावर्मन प्रकरणातील आदेशानुसार ‘वन’ या शब्दाचा शब्दकोशातील अर्थ लागू होतो, मग जमीन कोणाचीही असो. त्यामुळे प्रत्यक्ष जंगल असलेल्या खाजगी जमिनीवरही वनेतर वापरासाठी 1980 च्या वन संवर्धन कायद्याखाली केंद्र सरकारची पूर्वमान्यता लागू शकते. 2023 च्या दुरुस्तीने ही व्याप्ती कमी केली. मात्र फेब्रुवारी 2024 च्या अंतरिम आदेशात सर्वोच्च न्यायालयाने सध्या जुनाच अर्थ पाळण्यास सांगितले. अनेक जातींची झाडे तोडण्यासाठी 1964 च्या वृक्षतोड कायद्याखाली परवानगी घ्यावी लागते, ते वेगळेच.

नोंद दिसली तर काय तपासावे?

- नोंद कोणत्या फेरफाराने आणि कोणत्या वर्षी झाली
- कलम 35(3) ची नोटीस मालकाला बजावल्याचा पुरावा आहे का
- सुनावणी आणि अंतिम अधिसूचना झाली का
- 30 ऑगस्ट 1975 रोजी जमीन कोणाच्या ताब्यात होती, तिथे शेती होती का

जमीन खाजगी वन आहे की नाही, असा वाद उद्भवल्यास 1975 च्या कायद्याच्या कलम 6 खाली जिल्हाधिकारी निर्णय देतात. म्हणून जुने सातबारे, पीकपाहणीच्या नोंदी आणि फेरफार जपून ठेवणे महत्त्वाचे ठरते.