फुरसुंगीचा किडकिडीत वीर

सिन्नरला पदवीच्या वर्गाकडून आम्ही वाचनाची टिपणे मागवली होती. एका विद्यार्थ्याने 'गिंतामा' या जपानी चित्रमालिकेवर लिहिले. शेवटी मात्र 'हे साहित्यात धरू नये' अशी विनंती जोडली. २००६ साली सुरू झालेली ही मालिका साडेतीनशेहून अधिक भागांची. तलवारबंदीनंतर पोटासाठी पडेल ते काम करणारा सामुराई तिचा नायक. हाणामारी भरपूर, हसू त्याहून अधिक. ती विनंती वाचून आम्हाला आमचीच लाज आठवली. 'फास्टर फेणे' आम्हीही पाठ्यपुस्तकात लपवून वाचला होता.

भा. रा. भागवतांनी (१९१०–२००१) ज्यूल व्हर्नची साहसे मराठीत आणली, तरी त्यांचा स्वतःचा नायक निघाला फुरसुंगीचा बनेश फेणे. अंगाने किडकिडीत, पुण्याच्या विद्याभवनचा विद्यार्थी, बुडाखाली सायकल आणि तोंडी 'ट्टॉक्'. मराठी मुलांपुढे वीर म्हणून ठेवले जात ते बहुधा इतिहासातले, घोड्यावर बसलेले. बाबूराव अर्नाळकरांचा झुंजार प्रौढ आणि रुबाबदार. फेणे यांपैकी कुणाचाच वारस नव्हता. स्वतंत्र देशातल्या साध्या घरातल्या मुलालाही पराक्रम करता येतो, हे त्याने दाखवले.

येथे विनोद ही केवळ फोडणी नव्हे. फेणे धडपडतो, फजित होतो, आणि म्हणूनच वाचकाहून मोठा होत नाही. १९६२ च्या युद्धाच्या पार्श्वभूमीवर भागवत त्याला चीनच्या सीमेपर्यंत नेतात, तेव्हाही तो शाळकरी पोरच राहतो. हसू नसते, तर तेथे पोकळ वीरश्री उरली असती.

योगायोगांची रेलचेल आणि ठोकळेबाज खलनायक हे या कथांचे दोष आहेतच. परंतु वीस पुस्तकांच्या मालिकेचे मोल एकेका कथानकात शोधू नये. नायक तोच, संकट नवे, या भरवशावर मूल पुढचे पुस्तक हाती घेते. वाचनाची सवय अशीच जडते. बंगालीत सत्यजित राय यांच्या फेलूदाने १९६५ पासून हेच केले. फेणे पुढे १९८७ मध्ये दूरदर्शनवर आणि २०१७ मध्ये चित्रपटात आला. आपल्या समीक्षेत मात्र तो अजून उंबऱ्याबाहेरच आहे.

असो. आम्ही त्या टिपणातली शेवटची ओळ खोडली आणि वही परत केली.