काचेआडच्या होड्या

हवाई बेटांवरचा होडीचा अभिमान जगाला ठाऊक आहे. 1976 साली ‘होकुलेआ’ ही होडी कोणत्याही यंत्राविना, केवळ तारे आणि लाटा वाचत ताहितीला पोहोचली, तेव्हा हवाईच्या माणसांना आपला हरवलेला इतिहासच परत मिळाला. बंगालमध्येही होडीचं स्थान तसंच खोलवर आहे. पंचांगात दुर्गा ज्या वाहनांवरून येते त्यांत हत्ती, घोडा, पालखीबरोबर नौका आहे. ती नौकेतून आली की पीक उदंड आणि पाणीही उदंड, असं फळ सांगतात. पूर्व बंगालातून आलेल्या कोलकात्यातल्या अनेक घरांत आपल्या कोजागरीच्याच रात्री लक्ष्मीपुढे केळीच्या सोपटाच्या सात होड्या धान्याने भरून ठेवतात. लक्ष्मी व्यापारातून येते आणि व्यापार नदीवरून, हा हिशेब त्यात उघड आहे.

यावर कोणी म्हणेल, पूल आले, रेल्वे आली, होडी मागे पडणारच. त्यात हळहळ कसली? आक्षेप अर्धाच खरा आहे. 1874 साली हुगळीवर तरंगता पूल झाला, तरी होड्या चालतच राहिल्या. खरा घाव 1942 चा. जपानी सैन्याच्या हाती लागू नयेत म्हणून इंग्रज सरकारने दहाहून जास्त माणसं वाहणाऱ्या सुमारे 46,000 होड्या काढून घेतल्या किंवा मोडल्या. कोळ्यांची मासेमारी बुडाली, धान्याची ने-आण थांबली. पुढच्या वर्षीच्या दुष्काळाची कारणं अनेक होती, पण हे त्यातलं एक होतं. म्हणजे होडी इथे निव्वळ पूजेतली खूण नव्हती, पोटाची सोय होती; पूजेत ती आली ती त्यामुळेच.

आज कोलकात्यातल्या काकुडगाछीच्या एका सरकारी संस्थेत बंगालच्या होड्यांचे चाळीसहून अधिक नमुने मांडले आहेत. काम चांगलं आहे, पण नमुन्यात आकार टिकतो, हात टिकत नाहीत. हुगळी जिल्ह्यातल्या बलागडचा मिस्त्री आराखडा काढत नाही. आधी फळ्या काठाला काठ लावून ‘जोलुई’ नावाच्या चपट्या लोखंडी खिळ्यांनी जोडतो. आतल्या फासळ्या मागाहून बसतात. वळण त्याच्या डोळ्यांत असतं. 2022 मध्ये हावडा जिल्ह्यात रूपनारायणच्या काठी निमुळत्या तळाची ‘छोट’ होडी एका वृद्ध मिस्त्रीने मुलांना घेऊन पुन्हा बांधली आणि त्या कामाचं चित्रीकरण झालं. ती बांधून मागितली होती संशोधकांनी, कोळ्यांनी नव्हे.