पाच वेळचा अध्यक्ष

सार्वजनिक संस्था ज्यांनी चालविल्या आहेत त्यांना एक गोष्ट सांगायला नको. संस्था काढणे सोपे, ती टिकविणे अवघड. आणि तिच्यावाचून राहण्याची पाळी आली तर ते सर्वांत अवघड. या तिन्ही अवस्था ज्याच्या वाट्याला आल्या अशा एका माणसाचे चरित्र येथे मांडावयाचे आहे. त्याचे कार्यक्षेत्र म्हणजे फुटबॉलचे मैदान. परंतु त्या मैदानावर एका शहराचा स्वाभिमान आणि एका हुकूमशाहीचा अहंकार यांची गाठ पडली, आणि म्हणूनच हे चरित्र खेळाच्या इतिहासापुरते उरत नाही.

हान्स गाम्परचा जन्म २२ नोव्हेंबर १८७७ रोजी स्वित्झर्लंडमधील विंटरथूर गावी झाला. आईचे छत्र लवकर हरपले आणि कुटुंब झुरिचला आले. धावणे, सायकल, टेनिस, फुटबॉल या सर्वांत हा मुलगा पुढे. १८९६ साली झुरिचचा फुटबॉल क्लब स्थापन करणाऱ्यांत तो होता. १८९८ मध्ये व्यापाराच्या निमित्ताने आफ्रिकेकडे निघालेला हा तरुण वाटेत एका आप्ताला भेटण्यासाठी बार्सेलोनास उतरला, आणि तेथेच राहिला.

त्या वेळचे बार्सेलोना कसे होते हे ध्यानात घेतले पाहिजे. त्याच वर्षी अमेरिकेशी झालेल्या युद्धात स्पेनने क्यूबा व फिलिपाइन्स गमावले होते. बार्सेलोना हे कापडगिरण्यांचे, व्यापाराचे, कॅटलन भाषा बोलणारे शहर. राज्य मात्र माद्रिदचे. आपली भाषा आणि आपला कारभार यांविषयीची जाणीव तेथे तीव्र होत होती. अशा शहरात हा परका तरुण हिशेबनिसाची नोकरी करू लागला, कॅटलन शिकला आणि हान्सचा ‘जोआन’ झाला.

२२ ऑक्टोबर १८९९ च्या ‘लोस देपोर्तेस’ या क्रीडापत्रात एक लहानशी सूचना छापून आली. फुटबॉलचे सामने भरविण्याची ज्यांना हौस असेल त्यांनी मंगळवारी व शुक्रवारी रात्री नऊ ते अकरा या वेळात कचेरीत यावे, असा तिचा आशय होता. गाम्परचे नावही तीत धड छापलेले नव्हते. ‘कान्स कांपर’ असे झाले होते! तथापि माणसे आली. २९ नोव्हेंबर रोजी सोले व्यायामशाळेत बारा जण जमले. काही स्विस, काही इंग्रज, काही कॅटलन. क्लब स्थापन झाला.

आता येथे एक विशेष पाहा. ज्याच्या पुढाकाराने हे घडले तो अध्यक्ष झाला नाही. ती खुर्ची वॉल्टर वाइल्ड या वडीलधाऱ्या सहकाऱ्याकडे गेली. बावीस वर्षांच्या गाम्परने संघाचे नायकपद घेतले आणि पुढली चार वर्षे मैदानात उतरून गोलांमागून गोल केले.

मग खुर्ची त्याच्याकडे आली तरी केव्हा? १९०८ च्या डिसेंबरात, जेव्हा ती कोणालाच नको होती तेव्हा. यश मिळेनासे झाले होते, जुने खेळाडू पांगले होते, सभासद उरले होते अवघे अडतीस. क्लब मोडण्याची भाषा निघाली. गाम्परने ती मान्य केली नाही. अध्यक्षपद स्वीकारले आणि सभासद गोळा करण्यास निघाला. १९०९ च्या मार्चमध्ये क्लबाला स्वतःचे पहिले मैदान मिळाले; सहा हजार प्रेक्षक मावतील एवढे. पुढे १९१०, १९१७, १९२१ आणि १९२४ साली पुन्हा तोच अध्यक्ष झाला. १९२२ च्या मे महिन्यात लेस कोर्ट्स हे भव्य क्रीडांगण उघडले तेही त्याच्याच कारकिर्दीत. आल्कांतारा, सामोरा, सामितिएर यांच्यासारखे खेळाडू या काळात क्लबातर्फे खेळले आणि अडतिसांचे हजारो सभासद झाले.

परंतु या वाढीबरोबर क्लबाचे स्वरूपही पालटले होते. १९१८ मध्ये कॅटलोनियाच्या स्वायत्ततेच्या मागणीस क्लबाने उघड पाठिंबा दिला. १९२३ साली जनरल प्रिमो दे रिवेरा याने सत्ता बळकावली आणि कॅटलन भाषेवर व संस्थांवर निर्बंध आले. जे चौकात बोलता येईना ते लोक क्रीडांगणात बोलू लागले.

१४ जून १९२५ रोजी लेस कोर्ट्सवर ‘ओर्फेओ काताला’ या गायकवृंदाच्या सन्मानार्थ सामना होता. ब्रिटिश आरमाराच्या बँडने स्पेनची राष्ट्रधून वाजविली, आणि हजारो कंठांतून शिट्ट्यांचा कल्लोळ उठला. लगोलग ब्रिटिश राष्ट्रगीत वाजले तेव्हा टाळ्या पडल्या! अपमान याहून स्पष्ट कसा व्हावा? सरकारने क्रीडांगण सहा महिन्यांसाठी बंद केले. पुढे ती मुदत तीन महिन्यांवर आली. गाम्परला मात्र अध्यक्षपद आणि देश दोन्ही सोडावे लागले. शिट्टी वाजविली प्रेक्षकांनी, शिक्षा भोगली अध्यक्षाने.

काही काळाने त्याला परतण्याची मुभा मिळाली, पण क्लबाच्या कारभारात भाग घ्यावयाचा नाही या अटीवर. ज्या शहरासाठी त्याने देश बदलला, नाव बदलले, त्या शहरात राहावयाचे आणि स्वतः वाढविलेल्या संस्थेच्या दाराबाहेर उभे राहावयाचे, ही शिक्षा हद्दपारीहून हलकी खास नव्हती. त्यात १९२९ च्या जागतिक मंदीने त्याची आर्थिक स्थिती ढासळली. मन खचले. १९३० च्या जानेवारीत प्रिमो दे रिवेरा सत्तेवरून गेला. पण तोवर उशीर झाला होता. ३० जुलै १९३० रोजी गाम्परने आपल्या हाताने जीवनाचा शेवट केला. वय अवघे बावन्न. मोन्ज्विकच्या दफनभूमीत त्याला चिरविश्रांती मिळाली.

१९६६ पासून त्याच्या नावाने दरवर्षी चषकाचा सामना भरविला जातो आणि २००६ साली उघडलेल्या क्लबाच्या सरावकेंद्रालाही त्याचेच नाव आहे. परंतु त्याचे खरे स्मारक वेगळे आहे. तो क्लब आजही सभासदांच्या मालकीचा आहे आणि अध्यक्षाची निवड सभासदच मतदानाने करतात. अडतीस सभासद उरले असता ज्याने संस्था सोडली नाही, त्याच्या पश्चात ती एका धनिकाच्या हाती न जाता सभासदांच्याच हाती राहिली. संस्थापकाचे ऋण फेडण्याचा याहून उचित मार्ग मला तरी दिसत नाही.