शॉर्टियाचा शोध : एक चिठ्ठी व दोन स्थळे

पॅरिस येथे आंद्रे मिशो यांच्या वनस्पतिसंग्रहाची पाहणी करीत असता १८३९ साली अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञ एसा ग्रे यांना एक अनोळखी नमुना आढळला. त्यास फूल नव्हते. केवळ पाने व फळ. सोबतच्या चिठ्ठीवर स्थळ म्हणून ‘कॅरोलिनाचे उंच पर्वत’ एवढाच निर्देश होता. ग्रे यांनी १८४२ मध्ये केंटकीचे वनस्पतिज्ञ शॉर्ट यांच्या सन्मानार्थ त्या वनस्पतीस ‘शॉर्टिया गॅलॅसिफोलिया’ हे नाव दिले. परंतु चिठ्ठी प्रमाण मानून त्यांनी उंच डोंगर धुंडाळले, ते व्यर्थ. कारण ही वनस्पती वाढते ती पर्वतांच्या पायथ्याशी, ओढ्यांकाठच्या दाट सावलीत.

अखेर १८७७ मध्ये ती आढळली, तीही कोणा पंडिताला नव्हे, तर जॉर्ज हायम्स या सतरा वर्षांच्या मुलाला, उत्तर कॅरोलिनात कटॉबा नदीकाठी. मिशो यांचे मूळ स्थळ मात्र दूर दक्षिणेस, कीओवी नदीच्या उगमप्रदेशात होते. त्यांच्या मार्गाचा मागोवा घेत चार्ल्स सार्जंट १८८६ मध्ये तेथे पोहोचले.

या दोन स्थळांतील भेदाचे महत्त्व पुढे कळले. कटॉबाकाठच्या झाडांच्या फुलांतील किंजल आखूड असल्याने डेव्हिस यांनी १९५२ मध्ये त्यांना ‘ब्रेव्हिस्टायला’ हा स्वतंत्र प्रकार मानले. म्हणजे ज्या शोधाने ग्रे यांची दीर्घ प्रतीक्षा संपली, तो काटेकोरपणे पाहता मिशो यांच्या झाडाचा नव्हताच! चिठ्ठीने एकदा दिशाभूल केली होती. या वेळी ती साम्याने केली.

दुर्मिळ प्रकार आजही उत्तर कॅरोलिनातील मॅकडॉवेल परगण्याच्या आसपासच्या मर्यादित टापूत आहे. कीओवीकडील अनेक वसतिस्थाने मात्र १९७३ मध्ये जोकासी जलाशयाखाली गेली.