द्राक्षवेलीची दुबार छाटणी

द्राक्षवेलीची वर्षातून दोनदा छाटणी करून एकच पीक घेण्याची महाराष्ट्रातील पद्धत. द्राक्ष (व्हायटिस व्हिनिफेरा) ही मुळात समशीतोष्ण प्रदेशातील पानझडी वेल होय. भूमध्य समुद्राभोवतालच्या देशांत व उत्तर भारतात थंडीने तिची पाने गळतात, ती सुप्तावस्थेत जाते आणि वर्षातून एकदाच छाटली जाते. महाराष्ट्रातील सौम्य हिवाळ्यात मात्र ती सदाहरित राहते व शेंड्याकडेच वाढत जाते. थंडीचे काम येथे कात्रीला करावे लागते.

चौदाव्या शतकात दौलताबादेस आलेल्या इब्न बतूता या प्रवाशाने तेथे द्राक्षे व डाळिंबे वर्षातून दोनदा येतात, अशी नोंद केली आहे. मात्र पावसाळ्यात पिकणारी द्राक्षे आंबट व रोगट निघतात. त्यामुळे महाराष्ट्रात पहिली छाटणी फळासाठी न करता केवळ काडी तयार करण्यासाठी करतात. तमिळनाडूत दोन्ही बहर घेतले जातात.

एप्रिलच्या खरड छाटणीत काडी एक-दोन डोळ्यांवर आणतात. नव्या काडीच्या डोळ्यांत घड धरणार की नाही, हे पुढील सुमारे दोन महिन्यांत ठरते. त्या काळात ऊन कमी पडल्यास नंतर घातलेल्या खताचा फारसा उपयोग होत नाही. ऑक्टोबरच्या फळछाटणीत जातीनुसार डोळे राखतात; घड फेब्रुवारी-मार्चमध्ये काढणीस येतात. पूर्वीच्या भोकरी, अनाबेशाही या जातींच्या जागी 1960 नंतर बिनबियांची थॉमसन सीडलेस पसरली. तिचे बुंध्याकडील डोळे सहसा वांझ असल्याने कोणत्या डोळ्यावर कापावे, याला विशेष महत्त्व आले. तासगावची तास-ए-गणेश व नानजची (सोलापूर जिल्हा) सोनाका या तिच्यापासूनच निवडलेल्या जाती.

तुळजापूरसारख्या अवर्षणप्रवण तालुक्यात या वेळापत्रकाची खरी परीक्षा होते. खरड छाटणीचा हंगाम म्हणजे विहिरी आटण्याचा हंगाम. छाटणी लांबवावी, तर डोळे धरण्याचा काळ जूनच्या ढगाळ हवेत सापडतो. वेळेवर करावी, तर फूट जगविण्यास पाणी नसते. मराठवाड्यातील 2015-16 च्या दुष्काळात शेजारच्या लातूर शहराला एप्रिल 2016 पासून रेल्वेने पाणी पुरवावे लागले, यावरून त्या वर्षी छाटणीच्या हंगामातील टंचाईची कल्पना येते. फळछाटणीनंतरचा धोका नेमका उलट असतो : नोव्हेंबर 2009 मधील अवकाळी पावसाने राज्यातील अनेक बागांत केवडा रोग पसरून फुलोऱ्यातील घड गेले.