इओसिनोफिल : उषेच्या रंगाची पेशी

रक्तातील ज्या पांढऱ्या पेशींचे कण इओसिन या तांबूस-गुलाबी रंगद्रव्याने ठळक रंगतात, त्यांना पॉल एर्लिख या जर्मन संशोधकाने 1879 मध्ये वेगळे ओळखले. ‘इओसिनोफिल’ या नावात ग्रीकांची उषादेवी ‘इओस’ आणि प्रेमाचा अर्थ देणारा ‘फिल’ एकत्र आले आहेत. तीव्र दम्याच्या अनेक रुग्णांत इंटरल्युकिन-5 या संदेशवाहक प्रथिनामुळे या पेशी वाढतात, श्वासनलिकांच्या अस्तरात साचून त्याला इजा करतात आणि दम्याचे झटके वारंवार येऊ लागतात. चंद्रपूर-गडचिरोलीत मात्र या पेशी वाढलेल्या दिसताच दम्याचा निष्कर्ष घाईने काढणे धोक्याचे आहे, कारण हत्तीरोगाचा वावर असलेल्या या पट्ट्यात फायलेरियाच्या सूक्ष्म जंतांविरुद्ध शरीराने दिलेली तीव्र प्रतिक्रियाही रात्रीचा खोकला, घरघर आणि याच पेशींची प्रचंड वाढ घडवते, आणि तिच्यावर दम्याची नव्हे, डायइथिलकार्बामाझिन या जंतनाशकाची मात्रा लागू पडते.