शून्यलब्धी

माझा भाचा पुण्यात संगणकाचे शिक्षण घेतो. सुटीत मालवणला आला होता. यंत्रे 'शिकतात' म्हणजे नेमके काय करतात, असे मी त्याला विचारले. त्याने वहीत एक डोंगर काढला, थोडा थांबला आणि म्हणाला, "मामू, हे मराठीत नाही सांगता येणार."

मी बी.ए. झालेला माणूस, गणित शाळेतच सुटले. तरी ते वाक्य मनाला लागले. मुसलमान असून मराठीत कविता कशी लिहिता, असे मला अजूनही विचारतात. मराठीत गणित ही कल्पनाही तितकीच नवलाची वाटते तर!

आपल्याच जिल्ह्यातल्या, देवगड तालुक्यातील पोंभुर्ल्याच्या बाळशास्त्री जांभेकरांना तसे वाटले नव्हते. १८३२ साली 'दर्पण' काढणारे संपादक म्हणून आपण त्यांना ओळखतो. पण ते एल्फिन्स्टनमध्ये गणित शिकवीत, कुलाबा वेधशाळेचे काम पाहत. आणि कॅलक्युलसवर त्यांनी मराठीत पुस्तक लिहिले. नाव, 'शून्यलब्धी'.

शब्द फोडून पाहू या. सड्यावरून खाडीकडे उतरणारी घाटी घ्या. शंभर पावलांत किती खाली आलो, हा झाला सरासरी उतार. शंभराची दहा पावले करा, दहाचे एक, अंतर शून्याजवळ नेत राहा. शेवटी ऐन पायाखालचा जो उतार हाती येतो, ती लब्धी.

आता काळोखी रात्र आहे, हातात बॅटरी नाही. मग पूर्व-पश्चिम पायाने चाचपायचे, तसेच दक्षिण-उत्तर. दोन्ही उतार मिळून सर्वांत तीव्र उताराची दिशा कळते. तिकडे एक पाऊल टाकायचे, पुन्हा चाचपायचे. ही रीत फ्रेंच गणिती कोशी याने १८४७ मध्ये ग्रहांच्या आकडेमोडीसाठी मांडली. आजची यंत्रे मुळात हेच करतात. उत्तर जितके चुकले, तितकी ती उंचावर; आणि चाचपायच्या दिशा दोन नव्हेत, कोट्यवधी. पाऊल फार मोठे पडले तर खाडी ओलांडून समोरच्या चढावर. फार लहान, तर पहाट होते. कधी वाटेतल्या खळग्यालाच तळ समजून ती थांबतात.

कोशीचा लेख येण्याआधी एकच वर्ष, १८४६ मध्ये, बाळशास्त्री गेले. १८५७ मध्ये मुंबई विद्यापीठ आले, उच्च शिक्षण इंग्रजीत स्थिरावले. 'शून्यलब्धी' मागे पडली. गणित कुठे गेले नाही. ते आपल्या बोलीत समजावण्याची सवय तेवढी गेली.

दुसऱ्या दिवशी भाच्याला मी सड्यावर नेले. वर सांगितलेली काळोखाची गोष्ट त्याचीच. घाटी उतरता उतरता त्याने ती मला सांगितली, मराठीत.